खैरबोडीचा गाळ

सहीसाठी कागद घेऊन नगराध्यक्ष स्वतः घरी आले, तेव्हाच मंजूषाबाई लांजेवारांना कळलं की कागद साधा नाही.

हेमराज पर्वते हा पन्नाशीचा, बोलायला गोड माणूस. खैरबोडीच्या कॉलेजात मंजूषाबाईंनी पस्तीस वर्षं प्राणिशास्त्र शिकवलं, त्यात कधीतरी हाही बाकावर बसून गेलेला. आल्या आल्या तो पाया पडला, पाणी प्याला, बाईंच्या गुडघ्यांची चौकशी केली आणि मग कागद पुढे ठेवला.

"तलावाचा गाळ काढायचाय, मॅडम. सगळा. पावसाळ्याच्या आत. जाणकार म्हणून तुमचं पत्र लागतं. गाळ उपसल्यानं तलावाला काही अपाय नाही, एवढंच लिहिलंय त्यात."

"सोळा तारखेला नागपूरहून गाळवाचक येतोय ना?"

हेमराजने मान हलवली. "येतोय. म्हणून तर बारा तारखेला मशिनी लावायचं म्हणतोय."

"म्हणजे त्याला वाचायला काही उरूच नये."

"मॅडम, तुमच्यापासून काय लपवायचं?" तो खुर्चीत पुढे सरकला. "दोन हजार अकरा साली बोट क्लबचे सचिव माझे बाबा होते. तेव्हा तलावात जे झालं ते धीवरांनी केलं, असं सगळं गाव म्हणतं. तुमच्या पुस्तकातही तसंच आहे. आता गाळातून भलतंच काही निघालं तर नाव कुणाचं येणार? बाबांना जाऊन अकरा वर्षं झाली. उत्तर द्यायलासुद्धा ते नाहीत."

"ठेव कागद. वाचते."

"उद्या सकाळी माणूस पाठवतो," म्हणून तो गेला.

मंजूषाबाईंनी त्या कागदाला हातही लावला नाही. गाळातून काय निघणार हे खैरबोडीत आता एकाच जिवंत माणसाला पक्कं माहीत होतं. तो माणूस म्हणजे त्या स्वतः.

खैरबोडी हे आधी तळ्याचं नाव, मग गावाचं. त्या भागात बोडी म्हणतात लहान तळ्याला. तीनशे वर्षांपूर्वी, खैराच्या जंगलातून उतरणाऱ्या एका नाल्याला दोन टेकड्यांच्या मध्ये कोहळी लोकांनी मातीची पाळ घातली, पाळीत पाणी सोडायचं दगडी दार बसवलं आणि खालच्या बाजूला धान पिकवलं. त्या दाराला तुडुम म्हणतात. मंजूषाबाईंचे वडील सांगायचे, आपले पूर्वज त्या पाळीवर माती टाकणाऱ्यांतले. पाणी कोहळ्यांच्या शेताचं आणि मासा धीवरांचा, असा रिवाज तेव्हापासून चालत आलेला.

तळं भरलं की चाळीस एकर, मे महिन्यात जेमतेम पंधरा. पूर्वेला पाळीजवळ खोल, पश्चिमेला इतकं उथळ की गुरं चालत मधोमध जायची. त्या उथळ भागात देवधान, म्हणजे रानभात, आपोआप उगवायचं. थंडीत बदकं उतरायची. आणि पाण्यात एक मासा होता, बोटभर लांबीचा, अंगावर सात काळे ठिपके, शेपटीच्या मुळाशी हळदीसारखी पिवळी रेघ. धीवर त्याला टिपकी म्हणायचे. मूळचा तो त्या नाल्याचा रहिवासी. नाल्यावरच्या बाकीच्या बोड्या फुटल्या, बुजल्या, तसा तो फक्त या एका तळ्यात उरला होता.

पुढे मोठ्या धरणाचा कालवा आला आणि धानाला तळ्याची गरज राहिली नाही. बिनकामाच्या पाण्याचं काय करायचं, तर गावाने तिथे मौज करायची ठरवली. पाळीवर दिवे लागले, भेळेच्या गाड्या आल्या आणि २०११ च्या सुरुवातीला हंसाच्या आकाराच्या, पायांनी चालवायच्या बारा बोटी आल्या.

आता २०४९ साल होतं. बोटी विजेवरच्या झाल्या होत्या. पाणी बाराही महिने हिरवंगार, दाट, आणि त्यात मासा म्हणावा असा मासा नव्हता.

गाळवाचक म्हणजे जुना गाळ तपासणारं यंत्र. त्याचं तत्त्व अवघड नव्हतं. तलावात दर पावसाळ्यात भरड, फिकट माती येते. उन्हाळ्यात पाणी संथ झालं की बारीक, काळपट गाळ बसतो. एक फिकट आणि एक काळा थर मिळून एक वर्ष. पाण्यात राहणारा प्रत्येक जीव आपलं काहीतरी मागे टाकतो, खवला, बुळबुळीत स्राव, विष्ठा, पानाचा तुकडा. त्यातले डीएनएचे धागे चिकणमातीच्या कणांना चिकटतात आणि तळाच्या अंधारात, हवेविना, फार काळ टिकतात. हे शास्त्रज्ञांना आधीपासून ठाऊक होतं. पण पूर्वी एका नमुन्यात पाच-दहा वर्षं एकत्र कालवून यायची. नव्या यंत्राने ती अडचण सोडवली. नळीत भरून काढलेला गाळ ते गोठवायचं, केसाहून पातळ काप करायचं आणि प्रत्येक कापातला डीएनए आणि धातू वेगळे मोजायचं. तळ्यात काय होतं, काय मेलं, काय पडलं, हे पंधरा-पंधरा दिवसांच्या टप्प्याने कळू लागलं.

मग न्यायालयांनी तो पुरावा धरायला सुरुवात केली. खोट्या आरोपावरून ज्यांचा तळ्यावरचा हक्क गेला त्यांना तो परत मिळावा, असा कायदा झाला. कुठे पन्नास वर्षांपूर्वी बंद पडलेल्या कारखान्याचा पारा निघाला, कुठे गावाने ज्या कुटुंबाला वाळीत टाकलं होतं ते निर्दोष ठरलं. त्याचबरोबर राज्यभर गाळ काढायची अचानक टूम निघाली. ज्या तळ्यांकडे कुणी ढुंकून पाहिलं नव्हतं त्यांच्या काठी रातोरात यंत्रं उभी राहिली.

खैरबोडीचा गाळ वाचावा असा अर्ज केला होता दुर्पता मारबतेने. अर्जावरचं ते नाव मंजूषाबाईंनी वर्तमानपत्रात वाचलं, तेव्हापासून त्यांना धड जेवण गेलं नव्हतं.

दुर्पता ही सुकराम मारबत्यांची मुलगी, आणि मंजूषाबाईंची विद्यार्थिनी. सुकराम धीवरांच्या सोसायटीचे अध्यक्ष होते. शाळा चौथीपर्यंत, पण तळ्यातल्या त्रेचाळीस जातींच्या माशांची नावं, त्यांची अंडी घालायची जागा, त्यांचे खाण्याचे दिवस त्यांना तोंडपाठ. एकोणतीस वर्षांच्या मंजूषाबाई तेव्हा कॉलेजात हंगामी नोकरीवर होत्या. वर्षभर दर रविवारी त्या सुकरामच्या डोंग्यात बसून तळ्यावर गेल्या. पुढे दुर्पता वही घेऊन बसायची, मागे सुकराम बांबूने डोंगा ढकलायचे. "बाई, हे लिवून घ्या," असं म्हणत ते जे सांगायचे त्यावरच पुढे मंजूषाबाईंचं सगळं नाव झालं.

बोटी आल्या आणि पाणवनस्पती त्यांच्या पॅडलांत गुंतू लागल्या. उद्घाटन चार दिवसांवर होतं. दिगंबर पर्वते, म्हणजे हेमराजचे वडील, मंजूषाबाईंकडे आले. "मॅडम, तुम्ही शास्त्राच्या. यावर काहीतरी काढा." जूनमध्ये बाईंची नोकरी कायम व्हायची होती आणि दिगंबरराव कॉलेजच्या मंडळावर होते. पण बाईंनी उपाय सुचवला तो केवळ त्यासाठी नाही. त्यांना तो खरंच बरोबर वाटला होता. मोरचूद, म्हणजे तांब्याचा निळा क्षार. मोजून टाकला तर वनस्पती जातात, माशांना काही होत नाही, असं पुस्तकात होतं.

मोजायला तळ्याची खोली लागते. ती त्यांनी कॉलेजातल्या जुन्या नकाशावरून घेतली, सरासरी नऊ फूट. नकाशा साठ वर्षांपूर्वीचा होता. एवढ्या वर्षांत गाळ भरून तळं चार फुटांवर आलं होतं, आणि ते ज्याला रोज हाताच्या बांबूने कळत होतं त्या माणसाला त्यांनी विचारलं नाही. घाई होती, आणि सुकराम बोटींच्या विरोधात होते, त्यामुळे हे त्यांना सांगणं जरा अवघडही होतं.

गोणपाटाच्या पिशव्यांत मोरचूद भरून त्या बोटींच्या मागे बांधल्या आणि दुपारभर तळ्यात फिरवल्या. एका बोटीत मंजूषाबाई स्वतः होत्या.

वनस्पती मेल्या, कुजू लागल्या, आणि कुजताना त्यांनी पाण्यातला प्राणवायू ओढून घेतला. तिसऱ्या दिवशी सकाळी, पाळीवर मांडव घातलेला, पाहुणे खुर्च्यांत बसलेले, तेव्हा मासे वर येऊन तोंड उघडू-मिटू लागले. तासाभरात पाणी पांढऱ्या पोटांनी भरलं. लोकांनी नाकाला रुमाल लावले.

"हे धीवरांचं काम," दिगंबरराव माईकवर म्हणाले. "बोटी नको होत्या त्यांना. विष घातलंय."

ते खोटं बोलत नव्हते. मोरचुदाचं माप निर्धोक आहे असं मंजूषाबाईंनीच त्यांना सांगितलं होतं आणि त्यांनी विश्वास ठेवला होता.

पोलिसांनी सुकरामना चार दिवस कोठडीत ठेवलं. सोसायटीचा मासेमारीचा ठेका रद्द झाला. आठवड्याने मंजूषाबाई एकट्याच बांबू घेऊन एका बोटीतून तळ्यावर गेल्या. पंचवीस ठिकाणी बांबू टेकवला. परत येऊन गणित मांडलं आणि वहीचं ते पान फाडून टाकलं.

त्याच महिन्यात सुकराम त्यांच्या दारात आले. आत या म्हटलं तरी आले नाहीत.

"बाई, तुमाले मालूम हाय, आमी असं नाई करत. ज्या पान्यावर पोट हाय त्यात जहर कोन टाकते? तुमी एक कागद लिवून द्या. तुमचं आयकतील."

"तपासणीचा अहवाल येऊ दे, सुकरामकाका," त्या म्हणाल्या. "मग बघू."

अहवाल कधी आला नाही, कारण पाणी कुणी तपासायला पाठवलंच नव्हतं. हे बाईंना माहीत होतं. सुकराम "बरं" म्हणाले आणि गेले. पावसाळ्याआधी धीवरांच्या वस्तीतली सव्वीस घरं उठून मोठ्या धरणाकडे निघून गेली. दुर्पताने दुसऱ्या वर्षाची परीक्षा दिली नाही.

जूनमध्ये मंजूषाबाईंची नोकरी कायम झाली. पंधरा वर्षांनी नगरपंचायतीने त्यांच्याकडून तळ्याचा भूगोल, इतिहास आणि निसर्ग यांवर पुस्तक लिहवून घेतलं. शाळांतून ते वाटलं गेलं. त्यात एक वाक्य होतं: 'मार्च २०११ मध्ये विषप्रयोगाने मासेमारी झाल्यामुळे तलावातील मत्स्यजीवन नष्ट झाले.' ते वाक्य टाळता आलं असतं. पण टाळलं असतं तर कुणीतरी का टाळलं असं विचारेल, या भीतीने त्यांनी ते लिहिलं.

दुसऱ्या दिवशी हेमराजचा माणूस आला. मंजूषाबाईंनी कागद सही न करता परत दिला. अर्ध्या तासात हेमराजचा फोन आला.

"मॅडम, बाबांचं नाव जाईल."

"जाणार नाही," त्या म्हणाल्या. "ती जबाबदारी माझी."

"म्हणजे काय?"

"सगळ्यांसमोर सांगेन. तोवर मशिनी लावू नकोस."

आपण शूरपणा करतोय असं त्यांना अजिबात वाटलं नाही. अडतीस वर्षांत कुठल्याही आठवड्यात जे जमलं असतं ते आता, नोकरी संपून, नवरा जाऊन, गमावण्यासारखं फारसं काही न उरल्यावर त्या करत होत्या. एवढं त्यांना स्वच्छ दिसत होतं.

सोळा तारखेला त्या पाळीवर गेल्या. तुडुमाजवळ तराफा उभा होता आणि डॉ. तन्वीर काझी नावाचे चाळिशीचे संशोधक नळी खाली उतरवत होते. काठावर, साडीचा पदर डोक्यावर घेऊन, एक रुंद बांध्याची बाई उभी होती. केस पिकलेले, हात कामाचे. मंजूषाबाईंनी तिला उभं राहण्याच्या पद्धतीवरून ओळखलं. सुकराम तसेच उभे राहायचे, एका पायावर भार टाकून.

"दुर्पता."

तिने वळून पाहिलं. "मॅडम." नमस्कार केला, पण पुढे आली नाही. "थकल्या तुम्ही."

"काका?"

"बाबांना जाऊन अठरा वर्षं झाली."

मंजूषाबाईंना ही बातमी कळली नव्हती. कळण्याची सोयच त्यांनी ठेवली नव्हती. तराफ्यावरून काझी ओरडून काहीतरी सांगत होते आणि नळी हळूहळू खाली जात होती.

"मला काही सांगायचंय, दुर्पता. यंत्राच्या आधी." आणि मंजूषाबाईंनी सांगितलं. मोरचूद, नकाशा, नऊ फूट आणि चार फूट, फाडलेलं पान. आवाज त्यांना वाटला होता तितका कापला नाही.

दुर्पता पाण्याकडे बघत होती. "बाबांना माहीत होतं," ती म्हणाली.

"काय?"

"गोणपाट. तुम्ही लोकांनी बोटीवर वाळत टाकलेलं. निळं पडलं होतं. बाबांनी त्याच दिवशी पाहिलं. मी म्हटलं, मग पोलिसाले सांगत काऊन नाही? तर म्हणाले, नवी नोकरी हाय तिची. तीच सांगल." ती बाईंकडे वळली. "म्हणून आले होते तुमच्या दारात. कागद मागायला नाही. तुम्हाला सांगायला जागा करून द्यायला."

मंजूषाबाई पाळीवरच्या बाकावर बसल्या.

"मग हा अर्ज कशाला केलास?" त्यांनी विचारलं. "तुला तर सगळं ठाऊक होतं."

"माझ्या ठाऊक असण्याला कोण विचारतं, मॅडम? तुमचं पुस्तक आहे. माझ्या नातवाने शाळेत ते वाचलं आणि घरी येऊन मला विचारलं, आजी, आपण विष घालत होतो का?"

काझींनी नळी वर घेतली. दीड मीटर गाळ, फिकट आणि काळ्या पट्ट्यांचा. दुर्पता तो बघायला तराफ्याकडे गेली. बाईंना तिने चला म्हटलं नाही.

निकाल यायला पाच आठवडे लागले. नगरपंचायतीच्या सभागृहात दीडशे माणसं जमली, धरणाकडून आलेली धीवर मंडळीही होती. सुरुवातीलाच मंजूषाबाई उठल्या आणि जे सांगायचं ते सांगितलं. माप चुकल्याचं दिगंबररावांना माहीत नव्हतं, हेही सांगितलं. सभागृहात कुजबुज उठली. हेमराज मान खाली घालून बसला होता. त्याच्या चेहऱ्यावर सुटल्याचा भाव होता आणि त्याची त्यालाच लाज वाटत असावी. मागून कुणीतरी म्हणालं, "आता सांगून काय उपयोग?" बाई खाली बसल्या.

मग काझी बोलायला उभे राहिले. हा मनुष्य हळू, साधं बोलणारा होता.

"मॅडमनी सांगितलं ते गाळात आहे. मार्च २०११ च्या थरात तांबं अचानक पंधरा पटीने वाढतं. मासे मारायचं वनस्पतिजन्य विष किंवा कीटकनाशक काहीही नाही. म्हणजे धीवरांवरचा आरोप खोटा होता, हे सिद्ध आहे." टाळ्या वाजल्या. त्या थांबेपर्यंत ते थांबले. "पण एक गोष्ट मॅडमनी सांगितली त्यापेक्षा वेगळी आहे. मोरचुदाने टिपकी संपली, असं त्या म्हणाल्या. तसं झालेलं नाही."

मंजूषाबाईंनी मान वर केली.

"त्या पंधरवड्यात टिपकीचा अंश खूप घटतो, शंभरावरून सहा-सातवर येतो. पण शून्य होत नाही. पावसाळ्यात तांबं नव्या गाळाखाली दबलं आणि पुढच्या थरांत टिपकी पुन्हा वाढते. २०११ च्या हिवाळ्यात ती तिसऱ्या हिश्श्यावर आली होती. नष्ट होते ती २०१३ च्या मे महिन्यात. त्यानंतर एकाही थरात ती नाही."

"मे महिन्यात का?" हेमराजने विचारलं.

काझींनी दुर्पताकडे पाहिलं. ती बसल्या जागेवरूनच बोलली.

"ईशान्येला एक डोह होता. दर उन्हाळ्यात आमची माणसं त्यातला गाळ काढत, बेशरमाची झाडं उपटत, त्यावर फांद्यांची सावली करत. पाणी उतरलं की लहान मासा टोपलीने उचलून डोहात सोडत. पावसाळ्यापर्यंत तो तिथे जगे. बाबांच्या आज्यापासून चालत आलेलं काम. आम्ही गेलो. मग कोण करणार?"

"गाळात तेच दिसतं," काझी म्हणाले. "२०११ नंतर बेशरमाचे परागकण दरवर्षी दुप्पट होत जातात. दोन उन्हाळे मासा कसाबसा तगला. तिसऱ्यात डोह बुजलेला होता, पाणी तापलं, आणि संपलं."

सभागृहात पुढे काय बोलणं झालं ते मंजूषाबाईंनी ऐकलं नाही. अडतीस वर्षं त्यांनी स्वतःला एका चुकीच्या गणितासाठी दोष दिला होता. गणित चुकणं माणसाच्या हातून होतं, असा त्यात एक आडोसा होता. ते गणित तळ्याने दोन पावसाळ्यांत निस्तरलं होतं. जे निस्तरलं नाही ते त्यांचं दारात उभं राहून 'मग बघू' म्हणणं. त्या दिवशी एक कागद लिहिला असता तर सव्वीस घरं राहिली असती, डोह राहिला असता, मासा राहिला असता. नंतरही त्यांच्याकडे दोन वर्षं होती. पुरी दोन वर्षं, ज्यांतल्या कुठल्याही सकाळी उठून पोलीस ठाण्यापर्यंत चालत जाता आलं असतं. त्या दोन वर्षांत त्यांनी काय केलं होतं? घर बांधलं होतं. नव्या घराच्या गच्चीवरून तळं छान दिसायचं.

बाहेर पडताना दुर्पता त्यांच्या शेजारी आली. दोघी काही पावलं बरोबर चालल्या.

"हे मला माहीत नव्हतं," मंजूषाबाई म्हणाल्या.

"मलाही नव्हतं," दुर्पता म्हणाली. "बाबांना वाटायचं, मासा त्याच दिवशी मेला. बरं झालं, तसंच समजून गेले."

वर्षभरात सोसायटीला तळ्याचा हक्क परत मिळाला. बोटी पश्चिम सोडून फक्त पाळीच्या बाजूला चालतील असं ठरलं. सव्वीसातली नऊ घरं परत आली. बाकीच्यांची मुलं आता दुसरीकडे रुळली होती. शाळांतून जुनं पुस्तक काढून घेतलं गेलं. मंजूषाबाईंना रस्त्यात भेटणारे लोक पूर्वीसारखेच नमस्कार करत, पण थांबत नसत. काही विद्यार्थी घरी आले आणि 'तुमचं धाडस मोठं' असं काहीतरी म्हणाले. बाईंनी त्यांना चहा दिला आणि तो विषय बंद केला.

धीवरांनी डोह पुन्हा खणला. गाळातून निघालेलं देवधानाचं बी काझींनी रुजवून पाहिलं, त्यातलं थोडं उगवलं. टिपकीच्या बाबतीत तसं काही शक्य नव्हतं. डीएनएचे तुकडे वाचता येत होते, त्यातून मासा उभा करता येत नव्हता. तसा कुणी प्रयत्नही करत नव्हतं, एका बोटभर माशासाठी कोण करणार?

मार्चमध्ये एका सकाळी दुर्पताचा फोन आला. "मॅडम, तळ्यावर येता का? जरा काम आहे."

फोनवर तिने आणखी काही सांगितलं नाही. मंजूषाबाई गेल्या तेव्हा डोहाच्या काठी काझी आणि सोसायटीची सात-आठ माणसं उभी होती. मध्ये पाण्याने भरलेलं घमेलं, त्यात पंधरा-वीस लहान मासे फिरत होते. अंगावर काळे ठिपके, शेपटीजवळ पिवळी रेघ.

"साठ कोसांवर एका बोडीत सापडले," काझी म्हणाले. "डीएनए खूप जवळचा आहे. तुकडे अपुरे आहेत, त्यामुळे यंत्र नक्की सांगू शकत नाही. तोच किंवा त्याचा भाऊबंद. टिपकी बारकाईने तपासून वहीत उतरवलेली माणसं आता दोनच उरलीत, म्हणून..."

"तुम्ही बघा," दुर्पता म्हणाली.

मंजूषाबाई गुडघे दुखत असताना खाली बसल्या. हात पाण्यात घातला. एक मासा तळव्यावर आला. सगळे वाकून बघत होते. सोसायटीतल्या एका म्हाताऱ्याचे डोळे आधीच भरून आले होते. हो म्हणायला काहीच हरकत नव्हती. यंत्राला ते पडताळता आलं नसतं. ही माणसं आनंदाने घरी गेली असती, आणि कदाचित आजवर जी एक गोष्ट बाईंच्या नावावर होती ती थोडी हलकी झाली असती.

त्यांनी ठिपके मोजले. मासा उलटा करून दुसरी बाजू पाहिली. मग दुसरा घेतला, तिसरा घेतला.

"ही टिपकी नाही," त्या म्हणाल्या. "आपल्या टिपकीची रेघ शेपटीत शिरायची. ही आधीच थांबते. डोळाही मोठा आहे. जवळची असेल, पण ती नाही."

म्हातारा दुसरीकडे बघू लागला.

"मलाही तसंच वाटलं होतं," दुर्पता म्हणाली. तिने घमेलं उचललं. "काल आणले तेव्हाच. मी कुणाला सांगितलं नाही. म्हटलं, तुम्ही काय म्हणता ते बघावं."

तिने डोहात उतरून घमेलं हळूच तिरकं केलं. मासे एकेक करत बाहेर निसटले, क्षणभर तिच्या पायांभोवती घुटमळले आणि फांद्यांच्या सावलीत गेले. मंजूषाबाईंना उठायला आधार हवा होता. काझींनी हात दिला.